जप्त जनावरांचा ताबा आणि देखभाल : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जनावरे पकडली गेल्यानंतर शेतकरी, व्यापारी, वाहनमालक आणि गोशाळांचे व्यवस्थापक जे प्रश्न पुन्हा पुन्हा पाठवतात, त्यांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत. उत्तरे महाराष्ट्रातील कायद्याला धरून आहेत. आरोपी दोषी आहे की नाही हा एक प्रश्न आहे आणि खटला संपेपर्यंत जनावर कोणाच्या दावणीला राहावे हा दुसरा. हे दोन्ही एकच समजल्यामुळे बहुतेक अर्ज पहिल्याच तारखेला भरकटतात. पुढील उत्तरे मुख्यतः दुसऱ्या प्रश्नाविषयी आहेत.

१. माझी जनावरे नेमक्या कोणत्या कायद्याखाली पकडली, हे कसे ओळखावे?

प्रथम माहिती अहवालाची प्रत घ्यावी आणि त्यातील कलमे वाचावीत. साधारणतः तीन कायद्यांचा उल्लेख आढळतो. पहिला केंद्राचा प्राण्यांना क्रूरतेने वागविण्यास प्रतिबंध अधिनियम, १९६०. त्याच्या कलम ११ मध्ये मारहाण, उपाशी ठेवणे, कोंबून वाहतूक करणे असे प्रकार येतात आणि ते सर्व जनावरांना लागू आहे. दुसरा महाराष्ट्र प्राणी रक्षण अधिनियम, १९७६. त्यातील १९९५ च्या दुरुस्तीला २०१५ मध्ये राष्ट्रपतींची संमती मिळाल्यापासून गायीबरोबरच वळू आणि बैल यांच्याही कत्तलीला बंदी आहे, आणि त्यासाठी राज्याबाहेर वाहतूक करणे किंवा खरेदी-विक्री करणे हाही गुन्हा आहे. तिसरा मोटार वाहन कायदा व त्याखालील नियम. ताब्याचा निर्णय कोणत्या कसोटीवर होईल हे यांपैकी कोणता कायदा लागला आहे त्यावर अवलंबून असते. म्हणून हा प्रश्न पहिला ठेवला आहे.

२. गाडीत किती जनावरे नेता येतात? कागदपत्रे होती, तरी क्रूरतेचे कलम लागले.

कागदपत्रे असणे आणि वाहतूक नियमानुसार असणे या वेगळ्या गोष्टी आहेत. १९७८ च्या प्राणी वाहतूक नियमांनुसार साध्या मालट्रकमध्ये सहापेक्षा जास्त गुरे नेता येत नाहीत, सोबत राखणदार लागतो, आणि जनावरे प्रवासाला योग्य असल्याचा पशुवैद्यकाचा दाखला लागतो. केंद्रीय मोटार वाहन नियमांतील नियम १२५-ई नुसार गाडीत कायमस्वरूपी कप्पे असावे लागतात आणि प्रत्येक गायी-म्हशीमागे २ चौरस मीटर, तर शेळी-मेंढीमागे ०.३ चौरस मीटर जागा द्यावी लागते. हा नियम काटेकोरपणे पाळणारी गाडी आठवडी बाजाराच्या रस्त्यावर क्वचितच दिसते. परंतु सगळेच असे नेतात, हा न्यायालयात बचाव होऊ शकत नाही.

३. गाडी अडवणारे पोलीस नव्हतेच. त्यांना जनावरे उतरवून घेण्याचा अधिकार आहे का?

नाही. १९६० च्या कायद्याच्या कलम ३४ प्रमाणे जनावर तपासणीसाठी जप्त करण्याचा अधिकार शिपायापेक्षा वरच्या दर्जाच्या पोलीस अधिकाऱ्याला किंवा राज्य शासनाने प्राधिकृत केलेल्या व्यक्तीला आहे. १९७६ च्या राज्य कायद्याखाली झडती आणि जप्तीसाठी किमान उपनिरीक्षक दर्जाचा पोलीस अधिकारी किंवा शासनाने प्राधिकृत केलेली व्यक्ती लागते. कोणीही नागरिक पोलिसांना खबर देऊ शकतो, आणि ती द्यावीच. परंतु खबर देणाऱ्याला झडतीचा किंवा जप्तीचा अधिकार मिळत नाही. स्वयंघोषित रक्षकांच्या हिंसेविषयी सर्वोच्च न्यायालयाने १७ जुलै २०१८ च्या निकालात प्रत्येक जिल्ह्यात पोलीस अधीक्षक दर्जाचा समन्वय अधिकारी नेमण्याचा आदेश दिला आहे. मारहाण झाली असेल तर तिची स्वतंत्र तक्रार त्याच दिवशी नोंदवावी. जनावरांच्या गुन्ह्यातील जबाबात ती दोन ओळींत उरकू देऊ नये.

४. जप्तीच्या वेळी पंचनाम्यात काय लिहिलेले असावे?

ताब्याची अर्धी लढाई पंचनाम्यातच जिंकली किंवा हरली जाते, असे आमचे मत आहे. प्रत्यक्षात अनेक पंचनाम्यांत ‘सहा गोवंश, अंदाजे किंमत ९०,००० रुपये’ एवढ्या एका ओळीत सहा जिवंत जनावरे उरकलेली असतात. वर्षभराने गोशाळेच्या दावणीला पन्नास जनावरे उभी असताना त्यांतील आपली सहा कोणती, हे त्या ओळीवरून देवालाही सांगता येणार नाही.

योग्य नोंद अशी असते : खिल्लार बैल, रंग कोसा, वय सुमारे सहा वर्षे, डावे शिंग टोकाला तुटलेले, उजव्या कानात पिवळा बिल्ला व त्यावरील बारा अंकी क्रमांक, मागच्या उजव्या पायाला दोरीचा काच, जखम ताजी. प्रत्येक जनावराची अशी नोंद व छायाचित्र असावे, आणि गाडीत वैरण-पाणी होते की नाही, जनावरे बांधलेली कशी होती, हेही लिहिलेले असावे. १९६० च्या कायद्याखाली केंद्राने केलेल्या, मुद्देमाल (खटल्यात जप्त) प्राण्यांविषयीच्या २०१७ च्या नियमांनुसार जप्ती करणाऱ्याने त्या भागातील सरकारी पशुवैद्यकीय दवाखान्याच्या अधिकाऱ्याकडून जनावरांची आरोग्य तपासणी आणि ओळखखूण करून घ्यावयाची असते. खूण कानातील बिल्ल्याने किंवा चिपने करता येते, डाग देऊन करता येत नाही.

मालकाने पंचनाम्याची प्रत मागावी आणि जनावर धडधाकट असेल तर तशी नोंद करण्याचा आग्रह धरावा. गोशाळेने उलट बाजूने तितकाच आग्रह धरावा. लंगडणारे किंवा अंगावर गाठी असलेले जनावर नोंदीविना उतरवून घेतले, तर ते पुढे आपल्याच हलगर्जीपणाचा पुरावा ठरते.

५. जनावरे गोशाळेत नेली, म्हणजे ती गोशाळेच्या मालकीची झाली का?

झाली नाहीत. खटला प्रलंबित असताना जनावर हा मुद्देमाल असतो. तो न्यायालयाच्या नियंत्रणाखाली राहतो आणि गोशाळा किंवा पांजरपोळ त्याची केवळ राखणदार असते. मालकी दोनच मार्गांनी जाऊ शकते : दोषसिद्धीनंतर न्यायालयाने तसा आदेश दिला तर (प्रश्न १३ पाहा), किंवा बंधपत्राची अट न पाळल्यामुळे जनावरे २०१७ च्या नियमांखाली संस्थेकडे जमा झाली तर (प्रश्न ९ पाहा).

६. ताबा परत मिळवण्यासाठी अर्ज कोठे आणि कसा करावा?

ज्या न्यायदंडाधिकाऱ्यांच्या हद्दीत गुन्हा नोंदला आहे त्यांच्याकडे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ आणि ५०३ खाली हा अर्ज होतो. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच कलमे ४५१ आणि ४५७ होती, आणि जुने निकाल त्या क्रमांकांनी सापडतात. कलम ४९७ प्रमाणे न्यायालयाने चौदा दिवसांत मुद्देमालाचे वर्णनपत्र तयार करावयाचे, त्याची छायाचित्रे काढून घ्यावयाची आणि त्यानंतर तीस दिवसांत ताब्याचा आदेश द्यावयाचा असतो.

अर्जासोबत मालकीचा पुरावा जोडावा : बाजार समितीची सौदा पावती, ग्रामपंचायतीचा दाखला, कानातील बिल्ल्याची ऑनलाइन नोंद, दूध संघाची किंवा विम्याची कागदपत्रे. त्याहून महत्त्वाचे म्हणजे जनावर परत मिळाल्यास ते कोठे ठेवणार, गोठा केवढा आहे, वैरणीची सोय काय, हे प्रतिज्ञापत्रात सांगावे. बहुतेक अर्जांत मालकीवर चार पाने असतात आणि गोठ्यावर एकही ओळ नसते, आणि न्यायालयाला नेमकी तीच शंका असते. अर्ज फेटाळला गेल्यास सत्र न्यायालयात पुनरीक्षण किंवा उच्च न्यायालयात दाद मागता येते.

७. हा माझ्यावरचा पहिलाच गुन्हा आहे. मग जनावरे मलाच मिळायला हवीत ना?

केवळ १९६० चा कायदा लागला असेल तर तुमची बाजू बळकट आहे. गुजरातमधील दियोदर पांजरपोळीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये स्पष्ट केले की मालक ताबा मागत असेल तर पांजरपोळीला अग्रहक्क नाही. न्यायालयाने कसोट्याही घालून दिल्या : आरोप किती गंभीर आहे, मालकावर यापूर्वी असा गुन्हा सिद्ध झाला आहे का, जप्तीच्या वेळी जनावर कोणत्या स्थितीत आढळले, आणि परत दिल्यास त्याला पुन्हा क्रूर वागणूक मिळण्याची शक्यता किती. पहिलाच खटला असलेल्या मालकाचा दावा अधिक चांगला मानावा, असेही त्या निकालात म्हटले आहे. पांजरपोळीचा पूर्वीचा कारभार कसा आहे हेही पाहावे, अशी त्यात सूचना आहे, आणि ती मालकांचे वकील फारशी वापरत नाहीत.

मात्र ‘पहिलाच गुन्हा’ हा परवाना नव्हे. दहा जनावरांच्या जागेत तीस कोंबलेली असतील आणि त्यांतील काही उभीही राहू शकत नसतील, तर या कसोट्या मालकाच्या विरुद्ध जातात.

८. गुन्हा १९७६ च्या राज्य कायद्याखाली आहे आणि बैल जप्त झाले आहेत. तेव्हाही हीच कसोटी का?

नाही, आणि हा फरक न कळल्याने अनेक अर्ज फेटाळले जातात. १९७६ च्या कायद्याच्या कलम ८ मध्ये असे सांगितले आहे की जप्त केलेली गाय, वळू किंवा बैल खटला प्रलंबित असेपर्यंत ताबा घेण्यास तयार असलेल्या जवळच्या गोसदन, गोशाळा, पांजरपोळ किंवा तत्सम प्राणिकल्याण संस्थेकडे सोपवावा, आणि देखभालीचा खर्च न्यायालयाच्या आदेशाप्रमाणे आरोपीने द्यावा. त्यामुळे येथे मालकाला आधी हे दाखवावे लागते की प्रकरण या कायद्यात बसतच नाही. उदाहरणार्थ, जनावरे शेतीच्या कामासाठी किंवा दुधासाठी विकत घेतली होती आणि वाहतूक राज्यातल्या राज्यात होती.

येथे मुंबई उच्च न्यायालयाचा ६ मे २०१६ चा निकाल उपयोगी पडतो. त्यात कत्तलबंदी कायम ठेवली गेली, परंतु निर्दोषत्व सिद्ध करण्याचा भार आरोपीवर टाकणारे कलम ९-ब घटनाबाह्य ठरवले गेले. जनावरे कत्तलीसाठीच नेली जात होती, हे सरकार पक्षाने दाखवायचे आहे. नांगरणीच्या तोंडावर विकत घेतलेली, दात न पडलेली, जोडीची खोंडे आणि एका गाडीत कोंबलेली भाकड जनावरे यांच्याकडे पाहून तपास अधिकारी आणि न्यायालय वेगवेगळे निष्कर्ष काढणार, हे उघड आहे. म्हणून वय, जात आणि कामाची योग्यता यांविषयीचा पशुधन विकास अधिकाऱ्यांचा अहवाल मागवून घ्यावा.

९. न्यायालयाने तीन दिवसांत बंधपत्र द्यायला सांगितले आहे. न दिल्यास काय होईल?

२०१७ च्या नियमांनुसार ताबा संस्थेकडे देताना दंडाधिकारी वाहतूक, देखभाल व उपचार यांच्या अपेक्षित खर्चाइतक्या रकमेचे बंधपत्र, जामीनदारांसह, आरोपी व मालक यांच्याकडून तीन दिवसांत घेतात. ते दिले नाही तर जनावर संस्थेकडे जमा होते, म्हणजे निकालाआधीच मालकाच्या हातून जाते. संस्था प्रत्यक्ष झालेला खर्च पंधरवड्याने त्यातून काढू शकते.

हीच तरतूद वादाची आहे. १९६० च्या कायद्याच्या कलम २९ प्रमाणे जनावर सरकारजमा करण्याचा आदेश दोषसिद्धीनंतरच आणि तोही पुन्हा क्रूरता होण्याची शक्यता दिसली तरच देता येतो. नियम मूळ कायद्याच्या पुढे गेले आहेत, हा आक्षेप म्हशींच्या व्यापाऱ्यांच्या संघटनेने सर्वोच्च न्यायालयात नेला. जानेवारी २०२१ मध्ये तत्कालीन सरन्यायाधीश शरद बोबडे यांच्या खंडपीठाने हे नियम कलम २९ शी विसंगत असल्याचे केंद्र सरकारला सुनावले आणि जनावरे ही लोकांच्या उपजीविकेचे साधन आहेत, याची आठवण करून दिली. आक्षेप कितीही रास्त असला, तरी ज्याला जनावर परत हवे आहे त्याने त्याच्या भरवशावर तीन दिवस घालवू नयेत. बंधपत्र भरावे, रक्कम जास्त वाटल्यास ती कमी करण्याचा अर्ज द्यावा आणि आक्षेप सोबत नोंदवावा.

१०. चारापाण्याचा खर्च कोण देतो, आणि तो किती होतो?

१९६० च्या कायद्याच्या कलम ३५ प्रमाणे वाहतूक, देखभाल आणि उपचार यांचा खर्च मालकाने जिल्हादंडाधिकाऱ्यांनी ठरवलेल्या दराने द्यावयाचा असतो, आणि तो जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल होऊ शकतो. मालक गरीब असल्यास उपचाराचा खर्च माफ करण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्यांना आहे. ही सवलत मागितल्याशिवाय मिळत नाही.

या कायद्याची विचित्र विषमता येथे दिसते. कलम ११ खालील पहिल्या गुन्ह्याला दंड १० ते ५० रुपये आहे. पण समजा दर प्रतिदिन १०० रुपये धरला, तरी चार जनावरांचे सहा महिन्यांचे ७२,००० रुपये होतात. खरी शिक्षा दंडाची नसून बिलाची असते, आणि ती दोषी-निर्दोष ठरण्याआधीच सुरू झालेली असते. गोशाळांच्या बाजूने पाहिले तर चित्र उलटे आहे. वैरण आज विकत आणावी लागते आणि वसुली झाली तर काही वर्षांनी होते.

११. जनावरे माझी, पण गाडी भाड्याची होती आणि मी सोबत नव्हतो. मीही जबाबदार का?

१९६० च्या कायद्यात ‘मालक’ म्हणजे खरा मालक तर आहेच, शिवाय त्या वेळी जनावर ज्याच्या ताब्यात आहे तोही, मग मूळ मालकाची संमती असो वा नसो. त्यामुळे चालक आणि मालक दोघेही त्यात येतात. २०१७ च्या नियमांनुसार वाहतुकीच्या गुन्ह्यात गाडीमालक, माल पाठवणारा, माल घेणारा आणि दलाल हे सर्व देखभालीच्या खर्चास संयुक्तपणे जबाबदार ठरतात आणि गाडी तारण म्हणून रोखून धरता येते. भाडे ठरवताना गाडीत किती जनावरे भरायची हे चिठ्ठीवर लिहून घेतलेल्या मालकाला पुढे सांगायला काहीतरी असते. गाडी सोडवण्याचा अर्ज वेगळा करावा. जनावरांच्या अर्जातच तो घातला तर दोन्ही रेंगाळतात.

१२. गाय गोशाळेत असताना व्याली. वासरू कोणाचे? आणि दुधाचे काय?

वासरू गायीबरोबर जाते. भारतीय करार कायद्याच्या कलम १६३ मध्ये नेमके हेच उदाहरण दिलेले आहे : एकाने दुसऱ्याकडे गाय सांभाळायला ठेवली आणि ती व्याली, तर सांभाळणाऱ्याने गायीबरोबर वासरूही परत करावयाचे. मुद्देमालाचा ताबा हा करार नसून न्यायालयाचा आदेश असतो, तरी तत्त्व तेच लागू करणे न्याय्य आहे. वासराची नोंद तपास अधिकाऱ्यांना आणि न्यायालयाला त्याच आठवड्यात कळवावी. दुधाचे उत्पन्न झाले असेल तर त्याचा हिशेब ठेवून ते देखभालीच्या खर्चातून वजा दाखवावे. ज्या गोशाळा असे करतात त्यांच्या बिलांवर सहसा आक्षेप येत नाही.

१३. दंड पन्नास रुपयेच आहे. गुन्हा कबूल करून मोकळे व्हावे का?

हा सल्ला न्यायालयाच्या आवारात सर्रास दिला जातो आणि तो महागात पडतो. कबुली म्हणजे दोषसिद्धी. २०१७ च्या नियमांप्रमाणे दोषी ठरलेल्या किंवा गुन्हा कबूल केलेल्या व्यक्तीचा जनावरांवरील हक्क जाऊन ती संस्थेकडे जमा होऊ शकतात, आणि कलम २९ खाली तुम्हाला ठरावीक काळ किंवा कायमचे जनावर बाळगण्यास मनाई होऊ शकते. शिवाय पुढच्या वेळी ‘पहिला गुन्हा’ ही कसोटी (प्रश्न ७) हातात राहत नाही, आणि तीन वर्षांत पुन्हा गुन्हा झाला तर तीन महिन्यांपर्यंत कैदेची तरतूद आहे. पन्नास रुपयांसाठी दोन म्हशी आणि पुढचा हक्क गमावलेली माणसे आम्हाला वारंवार लिहितात.

१४. जनावर गोशाळेत दगावले तर जबाबदारी कोणाची?

आधी शवविच्छेदन. पशुवैद्यकीय अधिकाऱ्याचा अहवाल आणि पंचनामा झाल्याशिवाय मृत जनावर पुरू नये, कारण ते अजूनही मुद्देमाल आहे. मृत्यूचे कारण जप्तीपूर्वीची जखम किंवा आजार असेल तर गोशाळेवर दोष येत नाही. उपासमार, निष्काळजीपणा किंवा नव्या जनावरांना वेगळे न ठेवल्याने पसरलेला लम्पी किंवा लाळ्या-खुरकूत हे कारण असेल तर येऊ शकतो. म्हणून येणाऱ्या जनावरांना काही दिवस स्वतंत्र शेडमध्ये ठेवणे आणि रोजची नोंदवही ठेवणे आवश्यक आहे.

१५. म्हशी, शेळ्या-मेंढ्या, उंट यांना कोणता नियम?

१९७६ चा कायदा म्हशींना पूर्ण बंदी लावत नाही. त्यांची कत्तल सक्षम अधिकाऱ्याच्या प्रमाणपत्राने होऊ शकते. शेळ्या-मेंढ्या त्या कायद्यात येतच नाहीत. म्हणून या प्राण्यांच्या ताब्याला प्रश्न ७ मधील कसोटी लागते. जानेवारी २०२२ मध्ये अमरावती जिल्ह्यात तळेगाव दशासर येथे कच्छच्या पशुपालकांचे ५८ उंट जप्त झाले, तेव्हाही न्यायालयाने ते अखेर पशुपालकांना परत देण्याचा आदेश दिला. कळप घेऊन फिरणाऱ्या समाजांसाठी हे प्रकरण जपून ठेवण्यासारखे आहे.

१६. माझे जनावर कोंडवाड्यात आहे. हेच नियम लागू होतात का?

नाही. कोंडवाडा म्हणजे दुसऱ्याच्या पिकात शिरलेले किंवा मोकाट फिरणारे जनावर अडकवून ठेवण्याची ग्रामपंचायतीची किंवा नगरपालिकेची व्यवस्था. तेथे फौजदारी खटला नसतो. दंड आणि चारापाण्याचा खर्च भरून जनावर सोडवता येते, परंतु मालक पुढे आला नाही तर ते लिलावात जाते. त्यामुळे येथे उशीर करू नये.

१७. जनावरे गोव्याला नेत होतो. तेथे कायदा वेगळा आहे म्हणतात, ते खरे का?

खरे आहे. गोव्यात १९७८ चा गोवध प्रतिबंध कायदा आणि १९९५ चा स्वतंत्र प्राणी रक्षण कायदा आहे, आणि बैलांबाबत त्यांची रचना महाराष्ट्रापेक्षा वेगळी आहे. परंतु जनावरे महाराष्ट्रातून निघाली असतील तर राज्याबाहेरील कत्तलीसाठीच्या वाहतुकीची महाराष्ट्राची बंदी सीमेच्या अलीकडेच लागू होते. १९६० चा केंद्रीय कायदा सीमेच्या दोन्ही बाजूंना सारखाच आहे.

१८. मी निर्दोष सुटलो, पण गोशाळा म्हणते की ती जनावरे आता तेथे नाहीत. काय करावे?

निर्दोष सुटल्यास जनावरे परत मिळणे हा हक्क आहे आणि बंधपत्रातील न वापरलेली रक्कमही परत द्यावी लागते. गोशाळेला मुद्देमाल जनावर विकण्याचा, दान देण्याचा किंवा न्यायालयाच्या परवानगीशिवाय दुसऱ्या संस्थेत हलवण्याचा अधिकार नाही. प्रथम निकाल देणाऱ्या न्यायालयातच आदेशाच्या अंमलबजावणीचा अर्ज करावा आणि गोशाळेने ताबा घेताना दिलेली पावती, सुपूर्दनामा आणि पंचनाम्यातील वर्णने जोडावीत. जनावरे मृत असल्याचे सांगितले गेल्यास प्रत्येकाचा शवविच्छेदन अहवाल मागावा. तो देता आला नाही तर किंमत वसूल करण्याची मागणी करता येते आणि विश्वासघाताची स्वतंत्र तक्रारही होऊ शकते.

याला एक अपवाद आहे. न्यायालयाने जनावरे नेण्यासाठी मुदत दिली असेल आणि मालकाने ती टाळली असेल, तर कलम ३५ प्रमाणे दंडाधिकारी जनावरांच्या विक्रीचा आदेश देऊ शकतात. विक्रीतून खर्च वजा जाता उरलेली रक्कम मिळवण्यासाठी विक्रीच्या दिवसापासून दोन महिन्यांच्या आत अर्ज करावा लागतो.